शेजार कोण ठरवतो?

सई परांजपे यांचा ‘कथा’ हा हिंदी चित्रपट १९८३ साली पडद्यावर आला. त्याला चाळीस वर्षे उलटून गेली, तरी चाळीचा विषय निघाला की आजही त्याचे नाव निघते आणि त्यामागोमाग एक सुस्कारा ऐकू येतो. चाळ गेली, गॅलरी गेली, वाटीभर साखरेची देवघेव गेली; बंद दारांच्या मनोऱ्यांत आता शेजारी कोण राहतो हेसुद्धा कळत नाही, असा तो सुस्कारा असतो. चाळीत माणसे जातपात विसरून एका कुटुंबासारखी राहत होती, हे वाक्यही त्याला हमखास जोडलेले असते. प्रस्तुत लेखकाचा वाद ‘कथा’शी नाही. वाद आहे तो या वाक्याशी. त्या वाक्याची तपासणी करण्यासाठी मात्र ‘कथा’इतके उपयोगी साधन दुसरे नाही.

चित्रपटाची गोष्ट साधी आहे. मुंबईतल्या एका चाळीत राजाराम जोशी हा कारकून राहतो. पादत्राणांच्या कंपनीतली त्याची नोकरी नुकतीच कायम झाली आहे. शेजारच्या संध्या सबनीसवर त्याचे मूक प्रेम आहे. नोकरी कायम झाल्यावर ते बोलून दाखवण्याचे बळ आपल्याला येईल असे त्याला वाटते. एवढ्यात बाशू हा त्याचा जुना मित्र मुक्कामाला येतो. बाशू थापाड्या, गोडबोल्या आणि परजीवी आहे. बघता बघता तो सारी चाळ जिंकतो, राजारामच्याच कंपनीत शिरकाव करून घेतो, साहेबाची बायको आणि मुलगी दोघींनाही भुलवतो आणि संध्यालाही. लग्न ठरते आणि ऐन वेळी बाशू पोबारा करतो. मग राजाराम पुढे होतो. बाशूशी आपला संबंध कुठवर गेला होता हे संध्या त्याला लपवून न ठेवता सांगते आणि तरीही राजाराम मागे हटत नाही. एस. जी. साठ्ये यांच्या ‘ससा आणि कासव’ या मराठी नाटकावर हा चित्रपट बेतलेला आहे. त्यामुळे कासवाचा विजय होणे ओघानेच आले.

या चित्रपटाचे मोठेपण नाकारण्याचे कारण नाही. नोकरी कायम होणे आणि प्रेम व्यक्त करता येणे यांचा संबंध आपल्याकडच्या फार थोड्या चित्रपटांनी इतक्या सहजपणे दाखवला आहे. त्याहून महत्त्वाचा आहे तो शेवट. स्त्रीच्या शरीराची ‘शुचिता’ हा ज्या समाजात विवाहाचा पाया मानला जातो, त्या समाजातला एक भिडस्त कारकून ती कल्पना कसलेही भाषण न करता बाजूला सारतो. हे धैर्याचे काम होते आणि आजही आहे.

परंतु स्त्रीची शुचिता बाजूला सारणाऱ्या या कथेत दुसऱ्या एका शुचितेचा प्रश्न उपस्थितच होत नाही. जोशी आणि सबनीस ही दोन आडनावे पाहा. या दोघांचे लग्न ठरताना कुंडली आड येऊ शकली असती, पगार आड येऊ शकला असता. भूकंप मात्र झाला नसता. तो का झाला नसता? राजाराम आणि संध्या जातीच्या पलीकडे गेले होते म्हणून नव्हे. त्यांनी एकमेकांकडे पाहण्याच्या कितीतरी आधी चाळीच्या भिंतींनी ते काम उरकून टाकले होते म्हणून. प्रेम गॅलरीत जमले हे खरे. पण गॅलरीत कोणी उभे राहायचे, याची निवड अगोदरच झालेली होती.

याचा पडताळा हवा असेल तर बाशूकडे पाहावे. बाशूला नोकरी नाही, पत्ता नाही, त्याचा एकही शब्द खरा नाही. तरी राजारामच्या खोलीत त्याला पथारी मिळते आणि थोडक्या दिवसांत सारी दारे त्याच्यासाठी उघडतात. आता याच जागी आडनावाने कांबळे असलेला एखादा प्रामाणिक, कष्टाळू पदवीधर कल्पून पाहा. तो इतक्या सहजपणे चाळीत राहू शकला असता काय? घरोघरी चहाला बसला असता काय? लबाड ससा आणि भला कासव यांची शर्यत आपण कौतुकाने पाहतो. ज्याला शर्यतीच्या मैदानातच पाऊल टाकू दिलेले नाही, त्याची गोष्ट आपल्याला आठवत नाही.

ही कल्पनेची कसरत नाही. कोलंबिया विद्यापीठात आणि लंडनमध्ये अर्थशास्त्राचे उच्च शिक्षण घेऊन डॉ. बाबासाहेब आंबेडकर १९१७ साली बडोदे संस्थानच्या नोकरीत रुजू झाले, तेव्हा त्या शहरात त्यांना राहायला खोली मिळाली नाही. नाव बदलून एका धर्मशाळेत राहावे लागले आणि तेथूनही लाठ्या घेऊन आलेल्या जमावाने त्यांना हुसकावले. एक हिंदू आणि एक ख्रिस्ती अशा दोन परिचितांकडे त्यांनी आसरा मागितला. दोघांनीही अडचणी सांगितल्या. बाशूला मित्राने खोली दिली, आंबेडकरांना कोणी दिली नाही. पुढे मुंबईत परळच्या ज्या बीआयटी चाळीत त्यांचे वास्तव्य होते, तीही चाळच होती; पण सुस्कारे टाकणाऱ्यांच्या आठवणींत ती चाळ सहसा येत नाही.

चाळीत जात विसरली जात होती, असे म्हणणाऱ्यांनी वरळीच्या बीडीडी चाळींचा इतिहासही आठवावा. १९२०च्या दशकात सरकारने बांधलेल्या या चाळींत गिरणी कामगार राहत. वर्ग एक, मालक एक, खोलीचा आकारही एकच. तरीही बौद्धांच्या चाळी कोणत्या आणि सवर्णांच्या कोणत्या हे तेथल्या लहान पोरालाही ठाऊक होते. जानेवारी १९७४ मध्ये दलित पँथरच्या सभेनंतर जी दंगल उसळली, ती याच चाळींतून. त्या दिवसांत भागवत जाधव हा पँथरचा कार्यकर्ता प्राणाला मुकला. एकाच गिरणीच्या भोंग्यावर कामाला जाणाऱ्या माणसांच्या इमारती परस्परांवर दगड फेकत होत्या. गावकूस गावातच राहिले असे आपण समजतो. वस्तुतः ते आगगाडीत बसून मुंबईला आले आणि दोन चाळींच्या मधल्या बोळात उभे राहिले.

याचा अर्थ आजचा मनोरा चाळीपेक्षा बरा असा नव्हे. बाजारपेठेवर श्रद्धा असणारे आमचे काही अर्थशास्त्रज्ञ मित्र सांगतात की पैशाला जात नसते. जो मालक भेदभाव करील तो चांगले भाडे गमावील आणि स्पर्धेच्या रेट्याखाली भेदभाव आपोआप नाहीसा होईल. गॅरी बेकर यांनी १९५७ साली मांडलेल्या विवेचनाचा हा सुलभ अवतार आहे. तो श्रमाच्या बाजाराला कितपत लागू पडतो हा वेगळा प्रश्न. घरांच्या बाजाराला तो लागू पडत नाही. घर घेणारा केवळ चार भिंती विकत घेत नाही, तो शेजारही विकत घेतो. ‘आपल्यासारखी’ माणसे शेजारी असण्याला तेथे किंमत येते आणि विकासक तिची जाहिरात करतो. म्हणजे ज्या बाजाराने भेदभाव मोडावा अशी अपेक्षा, तोच भेदभाव विकून नफा कमावतो.

टॉमस शेलिंग यांनी १९७१ साली पटावर सोंगट्या मांडावयाच्या रीतीने दाखवून दिले की, प्रत्येकाला आपल्यासारखे थोडेसेच शेजारी हवे असले, तरी सर्वांच्या हालचालींतून अखेर संपूर्ण विभागलेली वस्ती तयार होऊ शकते. कोणी दुष्ट असण्याची गरज नाही. आपल्याकडे तर सौम्य आवडीनिवडीवर गोष्ट थांबतच नाही. दलाल फोनवर आडनाव विचारतो, सोसायटीचा चिटणीस ‘शाकाहारी आहात ना?’ म्हणून विचारतो आणि मुसलमान भाडेकरूला ‘जागा कालच गेली’ असे सांगण्यात येते. २००१च्या जनगणनेच्या आधारे देशातल्या सात मोठ्या महानगरांचा अभ्यास २०१२ साली प्रसिद्ध झाला. या शहरांत आर्थिक-सामाजिक स्तरानुसार वस्त्यांची जेवढी विभागणी होते, तिच्याहून जातीनुसार होणारी विभागणी अधिक आहे, असा त्याचा निष्कर्ष आहे. केवळ वर्गाच्या चष्म्यातून शहर पाहणाऱ्या आपल्या समाजवादी मित्रांनीही तो मन लावून वाचावा.

कायदा काय करतो? महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० याच्या कलम २३ प्रमाणे पुरेशा कारणाखेरीज पात्र व्यक्तीला सभासदत्व नाकारता येत नाही. हे तत्त्व चांगले आहे. परंतु एप्रिल २००५ मध्ये अहमदाबादच्या एका गृहनिर्माण संस्थेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने एकाच समाजापुरते सभासदत्व ठेवणारा पोटनियम वैध ठरवला आणि त्यासाठी संघटना स्थापन करण्याच्या मूलभूत स्वातंत्र्याचा आधार घेतला. प्रश्न कोणा एका समाजाचा नाही. अल्पसंख्य समाजाला आपला वारसा जपावासा वाटणे समजण्यासारखे आहे. प्रश्न असा आहे की, हेच तत्त्व बहुसंख्य आणि सत्तावान जातींनी उचलले तर शहराचे काय होईल? संविधानाच्या अनुच्छेद १५(२) मध्ये दुकाने, उपाहारगृहे, विहिरी, तलाव, रस्ते यांचा नामनिर्देश आहे, घराचा नाही. पाणवठा खुला झाला, पण त्या पाण्याचा नळ ज्या इमारतीत जातो तिचा दरवाजा बंद राहू शकतो.

‘माझे घर, माझी मर्जी’ हा यावरचा नेहमीचा युक्तिवाद. तो ऐकायला भारदस्त वाटतो, पण टिकत नाही. घराची किंमत केवळ मालकाच्या घामातून येत नाही. रस्ता, पाणी, रेल्वे सार्वजनिक पैशातून होतात. चटई क्षेत्र निर्देशांक शासन ठरवते आणि वाढवूनही देते. कित्येक संस्थांना जमीनच सवलतीने मिळालेली असते. ज्या मूल्याच्या निर्मितीत साऱ्या समाजाचा वाटा आहे, त्याच्या उपभोगातून समाजाच्या एका भागाला जातीवरून वगळण्याचा अधिकार खासगी कसा ठरतो?

आता पुन्हा प्रेमाकडे वळू. जातिनिर्मूलनाचा खरा उपाय आंतरजातीय विवाह हा आहे, असे डॉ. आंबेडकरांनी १९३६ साली बजावले. पुढे पाऊण शतक लोटल्यावर, २०११–१२च्या भारत मानव विकास सर्वेक्षणात आंतरजातीय विवाहांचे प्रमाण शंभरात सुमारे पाच निघाले. यावर आम्ही तरुणांना दोष देतो, त्यांच्यात धाडस नाही म्हणतो. पण माणूस प्रेमात पडतो तो ज्यांना रोज पाहतो त्यांच्यापैकी कोणाच्या तरी. रोज कोण दिसावे हेच जर जातीने ठरवलेले असेल, तर शंभरातल्या पंचाण्णवांच्या बाबतीत आईबापांना विरोध करण्याची वेळच का यावी? आणि जे थोडे ही तटबंदी ओलांडतात, त्यांच्या वाटेत राज्यसंस्था उभी असते. १९५४च्या विशेष विवाह अधिनियमाखाली लग्नाची नोटीस तीस दिवस जाहीर लावावी लागते. म्हणजे हल्लेखोरांना महिनाभराची सवड. महाराष्ट्र शासनाने डिसेंबर २०२२ मध्ये आंतरजातीय आणि आंतरधर्मीय विवाहांची माहिती घेण्यासाठी समिती नेमली. टीका झाल्यावर ‘आंतरजातीय’ हा शब्द वगळला, ‘आंतरधर्मीय’ ठेवला. जोशी-सबनीसांच्या विवाहासाठी अशी समिती कोणी कधी नेमली नव्हती.

नागराज मंजुळे यांचा ‘सैराट’ २०१६ साली आला तेव्हा त्याच्या गाण्यांवर सारा महाराष्ट्र नाचला. त्यातल्या आर्ची आणि परश्याला जगण्यासाठी गाव सोडून हैदराबाद गाठावे लागते. तेथे त्यांना आधार मिळतो तो झोपडपट्टीतल्या एका परक्या बाईचा, म्हणजे शेजाराचाच. आणि स्वतःच्या नव्या घरात त्यांचा खून होतो तो भेटवस्तू घेऊन आलेल्या नातलगांकडून. ‘कथा’च्या शेवटी प्रेमाला घर मिळते, ‘सैराट’मध्ये घर मिळूनही प्रेमाला जगू दिले जात नाही. दोन्ही चित्रपट एकाच महाराष्ट्राचे आहेत. पहिला पाहून हळवे व्हायचे आणि दुसरा पाहून हळहळायचे, एवढ्यावर आमची पुरोगामी मंडळी थांबणार असतील, तर त्यांनी चित्रपट पाहिला. समाज पाहिला नाही.

करावयाचे काय, हे अवघड नाही. अमेरिकेने एप्रिल १९६८ मध्ये, मार्टिन ल्यूथर किंग यांच्या हत्येनंतर आठवड्याभरात, घरांच्या विक्रीत आणि भाड्यात वंश व धर्मावरून भेदभाव करण्यास बंदी घालणारा कायदा केला. ब्रिटननेही त्याच वर्षी आपला वंशभेदविरोधी कायदा घरांना लागू केला. त्याच साली आपल्याकडे ‘पडोसन’ आला आणि समोरासमोरच्या खिडक्यांतले प्रेम पाहून आपण पोटभर हसलो. खिडक्या समोरासमोर कोणाच्या येऊ शकतात, हा प्रश्न कोणी विचारला नाही. तो आता विचारला पाहिजे. जात, धर्म, आहार वा वैवाहिक स्थिती यांवरून घर नाकारणे हा दंडनीय गुन्हा ठरवणारा कायदा राज्य विधिमंडळाने करावा. ज्या संस्थेने जमीन वा वाढीव चटई क्षेत्राची सवलत घेतली, तिचे वगळणारे पोटनियम रद्द व्हावेत. विशेष विवाह अधिनियमातली जाहीर नोटीस संसदेने काढून टाकावी.

हे अशक्य आहे असे म्हणणाऱ्यांना म्हाडाची सोडत दाखवावी. तिच्यात अनुसूचित जाती-जमातींसाठी राखीव घरे असतात आणि कोणाच्या दाराशेजारी कोणाचे दार यावे, हे चिठ्ठी ठरवते. शेजारी नाकारण्याचा अधिकार तेथे कोणालाच नसतो आणि त्यामुळे एकही इमारत कोसळल्याचे ऐकिवात नाही. ऑगस्ट २०२५ मध्ये वरळीच्या बीडीडी चाळींतल्या पहिल्या काही रहिवाशांना १६० चौरस फुटांच्या खोलीऐवजी ५०० चौरस फुटांच्या घरांच्या किल्ल्या मिळाल्या. आनंदाची गोष्ट आहे. परंतु त्याच भूमीवर विक्रीसाठी जे मनोरे उठतील, त्यांच्या दारात आडनाव विचारले जाणार असेल, तर १९७४चा बोळ बुजला नाही, फक्त अधिक उंच झाला, असेच म्हणावे लागेल. चाळीसाठी सुस्कारे टाकणे आता पुरे. शेजार निवडण्याची जातीची मक्तेदारी मोडणे हे काम आहे आणि ते कायद्याने करावयाचे आहे.