पुलावर आदिवासी, कागदावर नाहीत

नागपुरात झिरो माइलच्या परिसरात दोन खुणा आहेत. एक इंग्रजांच्या मोजणीचा दगडी स्तंभ, चार घोड्यांसह. दुसरी गोवारी शहीद स्मारक. घोड्यांपाशी फोटो काढणारे वर्षभर येतात. स्मारकापाशी गर्दी होते ती २३ नोव्हेंबरला.

१९९४ साली याच तारखेला गोवारींचा मोर्चा विधिमंडळाच्या हिवाळी अधिवेशनावर आला होता. विदर्भातल्या खेड्यापाड्यांत पिढ्यान् पिढ्या गुरे राखणारी ही माणसे बायकापोरांसह आली होती आणि मागत होती अनुसूचित जमातीचे दाखले. मोर्चा मॉरिस कॉलेजजवळ अडवला गेला. संध्याकाळी पोलिसांच्या लाठ्या उठल्या, चेंगराचेंगरी झाली आणि ११४ जण गेले. त्यांत बहुतेक स्त्रिया आणि मुले होती. आदिवासी विकासमंत्री मधुकरराव पिचड यांनी राजीनामा दिला.

सरकारने मग गोवारींना विशेष मागास प्रवर्गात घातले. तिथल्या २ टक्के आरक्षणात कोष्टी, कोळी वगैरेही वाटेकरी. स्मारक उभे राहिले आणि सीताबर्डीच्या उड्डाणपुलाला नाव मिळाले ‘आदिवासी गोवारी शहीद’.

दाखल्यावर मात्र ‘आदिवासी’ उमटायला तयार नाही. अनुसूचित जमातींच्या यादीत ‘गोंड गोवारी’ आहेत, नुसते गोवारी नाहीत. गोंड गोवारी ही जमात १९११पूर्वीच लोप पावली, तेव्हा यादीतले गोंड गोवारी म्हणजे हे गोवारीच, असा निकाल मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने १४ ऑगस्ट २०१८ रोजी दिला. त्याविरुद्ध खुद्द राज्य सरकार अपिलात गेले. राष्ट्रपतींच्या आदेशातील यादीत न्यायालयाला बदल करता येत नाही, असे सांगून सर्वोच्च न्यायालयाने १८ डिसेंबर २०२० रोजी तो निकाल रद्द केला. मधल्या काळात मिळालेले प्रवेश आणि नोकऱ्या तेवढ्या वाचल्या.

म्हणजे ज्यांना पुलाच्या पाटीवर सन्मानाने आदिवासी म्हटले, ते आदिवासी नाहीत हे सांगायला सरकारनेच दिल्लीत वकील उभे केले. इतर आदिवासी संघटनांचा गोवारींच्या समावेशाला विरोध आहे आणि आधीच तोकड्या पडणाऱ्या जागांत आणखी वाटेकरी नकोत ही त्यांची भीती खोटी नाही. पण ती ऐकून घेऊन निर्णय करायचा तर तो संसदेत, कायदा करूनच होऊ शकतो. त्यासाठी राज्याची ठाम शिफारस लागते. तशी शिफारस करायची नसेल, तर पुढाऱ्यांनी तेही येत्या २३ नोव्हेंबरला पुष्पचक्र वाहतानाच स्मारकापाशी जमलेल्यांना सांगून टाकावे.