मिटवायचे, पण काय मिटवायचे?



मागच्या रविवारी विहारात त्रिसरण-पंचशील झाले आणि मंडळी चहाला थांबली. तेवढ्यात गावाकडून लेकीकडे आलेल्या एक मावशी माझ्याशेजारी येऊन बसल्या. गेल्या वर्षी भीमजयंतीच्या मिरवणुकीवरून त्यांच्या मुलाला गावातल्या काही जणांनी चावडीसमोर मारले. हात मोडला. ॲट्रॉसिटीचा गुन्हा नोंदला गेला, दोषारोपपत्र कोर्टात गेले, आणि साक्षीची तारीख जवळ आली तसे निरोप येऊ लागले.

"भाऊ, सरपंच सोता घरी आला. आमच्या घरचा चहा पिला. म्हणला, एका गावात राहायचंय, मिटवून टाका. आणि वर म्हणतो कसा, तुमचा बुद्ध तर क्षमा शिकवतो, मग तुम्हीच मन मोठं करा. मला काय बोलावं सुचंना. खरं हाय का भाऊ? धम्माप्रमाणं मिटवावंच लागतं का?"

मावशींना मी त्या दिवशी एवढेच म्हटले की मारणाऱ्यांनी मारले हे कबूल केले का? त्या म्हणाल्या, "न्हाई. ते म्हणत्यात पोरगं सोताच पडलं."

या प्रश्नाचे पुरते उत्तर चहाच्या कपावर देता येत नाही. पण जगात एका अख्ख्या देशाने हाच प्रश्न अंगावर घेतला होता. तो देश दक्षिण आफ्रिका. त्यांनी काय केले, काय जमले आणि कुठे फसले हे आपल्या घराघरांत माहीत असायला हवे.

तिथे १९४८ पासून गोऱ्यांच्या पक्षाने वर्णभेद कायद्यानेच पक्का केला. माणूस कोणत्या वंशाचा हे सरकारी दप्तरात नोंदायचे, त्यावरून तो राहणार कुठे, शिकणार कुठे, लग्न कोणाशी करणार हे ठरायचे. काळ्या माणसाला स्वतःच्याच देशात फिरायला पासाचे पुस्तक जवळ बाळगावे लागे. २१ मार्च १९६० रोजी शार्पव्हिल येथे या पासांविरुद्ध जमलेल्या लोकांवर पोलिसांनी गोळीबार केला, ६९ माणसे मेली. पुढची तीस वर्षे तुरुंग, छळ आणि गायब होणारी माणसे यांची.

१९९४ च्या एप्रिलमध्ये सर्वांना मतदानाचा हक्क मिळाला आणि मंडेला राष्ट्राध्यक्ष झाले. पण सैन्य, पोलीस आणि फाइली जुन्याच माणसांच्या हातात होत्या. सगळ्यांवर खटले भरावेत तर पुरावा त्यांनीच जाळलेला. सगळे विसरून जावे म्हटले तर ज्यांची लेकरे मेली ते कसे विसरणार? तेव्हा १९९५ मध्ये त्यांनी कायदा करून सत्य आणि समेट आयोग नेमला. आर्चबिशप डेस्मंड टुटू अध्यक्ष होते. आयोगाची अट अशी होती की ज्याने राजकीय हेतूने गुन्हा केला, त्याने अर्ज करावा, जे केले ते सगळे सांगावे, काही लपवू नये, तर त्याला माफी. लपवले तर माफी नाही, आणि खटल्याचा रस्ता मोकळा. नावात 'सत्य' आधी आहे आणि 'समेट' नंतर, हे लक्षात ठेवा.

पहिली सुनावणी १९९६ च्या एप्रिलमध्ये ईस्ट लंडन या शहरात झाली. तिथे नोमोंदे कलाटा ही विधवा साक्षीला आली. तिचा नवरा फोर्ट कलाटा आणि त्याचे तीन साथी यांना १९८५ च्या जूनमध्ये पोलिसांनी रस्त्यात अडवून ठार मारले होते. तेव्हा ती गरोदर होती. बोलता बोलता तिने असा हंबरडा फोडला की कामकाज थांबवावे लागले. ही सुनावणी बंद खोलीत नव्हती. रेडिओवरून ती देशभर ऐकली जात होती. बाई आपल्या भाषेत बोलायची आणि दुभाषे तिचे बोलणे 'मी' म्हणूनच इतर भाषांत सांगायचे. ज्या गोऱ्या घरांतून 'आम्हाला यातले काही माहीतच नव्हते' असे म्हटले जाई, त्या घरांतही तो रेडिओ होता. वीस हजारांहून अधिक पीडितांची निवेदने आयोगाने नोंदवली. पोलीस ठाण्याने ज्याची कधी तक्रारसुद्धा लिहून घेतली नाही, त्याची नोंद सरकारच्या अहवालात झाली. ज्याने ठाण्याच्या बाकावर दिवसभर बसून काढला आहे, त्यालाच याची किंमत कळेल.

पण हे सर्वांना पटले नव्हते. ग्रिफिथ्स म्क्सेंगे नावाचे वकील डर्बनला वर्णभेदाविरुद्ध लढणाऱ्यांचे खटले चालवत. १९८१ च्या नोव्हेंबरमध्ये पोलिसांच्या गुप्त टोळीने त्यांना भोसकून मारले. चार वर्षांनी त्यांच्या पत्नी व्हिक्टोरिया, त्याही वकील, यांचाही खून झाला. पुढे टोळीचा म्होरक्या डर्क कोएत्झी याने सगळे कबूल केले. १९९७ च्या मे महिन्यात कोर्टाने त्याला खुनासाठी दोषी ठरवले, आणि ऑगस्टमध्ये, शिक्षा सुनावण्याआधीच, आयोगाने माफी दिली. माफी अशी की फौजदारी खटला तर संपलाच, शिवाय घरच्यांना नुकसानभरपाईचा दिवाणी दावाही लावता येईना. कायद्यात पश्चात्तापाची अटही नव्हती. सांगितले की सुटला.

म्क्सेंगे यांचे भाऊ आणि स्टीव्ह बिको यांच्या पत्नी यांनी याविरुद्ध घटना न्यायालयात धाव घेतली होती. १९९६ च्या जुलैमध्ये निकाल त्यांच्या विरुद्ध गेला. निकाल लिहिणारे न्यायमूर्ती इस्माईल महोमेद हे भारतीय वंशाचे. वकिली करताना ब्लूमफाँटेनच्या वरिष्ठ न्यायालयात त्यांना युक्तिवाद करता येई, पण भारतीयाला त्या प्रांतात रात्री मुक्काम करायला बंदी, म्हणून संध्याकाळी प्रांताबाहेर जावे लागे. अपमान काय असतो हे त्यांना शिकवायची गरज नव्हती. तरी त्यांनी लिहिले त्याचा भावार्थ असा की माफीचे आमिष नसेल तर गुन्हेगार तोंड उघडणार नाही, आणि घरच्यांना शिक्षाही मिळणार नाही व सत्यही मिळणार नाही. मला हा निकाल समजतो. म्क्सेंगेंच्या भावाच्या जागी मी असतो तर तो मान्य केला असता का, हे मात्र छातीठोकपणे सांगता येत नाही.

माफी सरसकट वाटली गेली असे मात्र नव्हे. सात हजारांवर अर्ज आले, त्यांतले पाच हजारांवर फेटाळले गेले. बिको यांना १९७७ च्या सप्टेंबरमध्ये कोठडीत डोक्याला जबर मार बसला, त्या अवस्थेत उघड्या अंगाने गाडीत घालून हजारावर किलोमीटर दूर प्रिटोरियाला नेले आणि तिथे ते वारले. वय अवघे तीस. त्या वेळच्या चौकशीत कोणीच दोषी ठरले नाही. आयोगापुढे पोलिसांनी जुनीच गोष्ट सांगितली की झटापटीत डोके भिंतीवर आपटले. १९९९ मध्ये त्यांना माफी नाकारली गेली. 'पोरगं सोताच पडलं' ही सबब किती जुनी आणि किती देशांत चालते पाहा!

खरी फसगत इथून पुढची आहे. माफी नाकारली म्हणजे खटला व्हायला हवा, ही कायद्याची दुसरी बाजू. आयोगाने सुमारे तीनशे प्रकरणे सरकारी वकिलांकडे सोपवली आणि बहुतेक तशीच पडून राहिली. कलाटा यांना मारणाऱ्यांनाही माफी नाकारली होती, पण खटला झाला नाही आणि एकेक आरोपी म्हातारा होऊन मेला. २०२५ च्या जूनमध्ये त्या चौघांच्या मृत्यूची नव्याने चौकशी सुरू झाली, खुनाला चाळीस वर्षे झाल्यावर. भरपाईचेही तेच. आयोगाने सहा वर्षे दरवर्षी रक्कम द्या म्हटले होते, सरकारने २००३ मध्ये एकदाच ३० हजार रँड द्यायचे ठरवले. आणि आयोगाने मोजले ते खून, छळ, अपहरण यांसारखे गुन्हे. घरातून उठवून दूर माळावर नेऊन टाकलेली सुमारे ३५ लाख माणसे, रोजचा पास, रोजची शिवी यांचा हिशेब त्यात आला नाही. जमीन बहुतांशी जिथे होती तिथेच राहिली. बाबासाहेबांनी २५ नोव्हेंबर १९४९ रोजी घटना समितीत राजकीय समतेबरोबर सामाजिक आणि आर्थिक विषमता चालू ठेवण्याच्या धोक्याबद्दल सांगितले, ते त्या देशालाही लागू पडते.

आता मावशींच्या दुसऱ्या प्रश्नाकडे येतो, धम्माच्या. विनयात भिक्खूंचे तंटे मिटवण्याच्या सात रीती आहेत. त्यांतल्या एकीचे नाव तिणवत्थारक, म्हणजे गवताने झाकणे. घाण उकरत बसण्यापेक्षा तिच्यावर गवत टाकावे, तसे भांडण मिटवायचे. सरपंचाला ही रीत फार आवडेल! पण तिच्या अटी पाहा. भांडणात चुका दोन्ही बाजूंनी झालेल्या असाव्यात. सारा संघ एका ठिकाणी जमावा. दोन्ही बाजूंच्या एकेका भिक्खूने आपल्या बाजूच्या चुका संघासमोर उघड सांगाव्यात. आणि एवढे करूनही गंभीर अपराध या गवताखाली झाकता येत नाहीत, गृहस्थांशी संबंधित अपराधही नाहीत. अंगुलिमालाची कथा तर आपल्या मुलांनाही पाठ असते. तो भिक्खू झाला, पण श्रावस्तीत भिक्षेला गेला तेव्हा लोकांच्या दगडांनी त्याचे डोके फुटले. भगवंतांनी त्याला ते सोसायला सांगितले. दगड मारणाऱ्यांना मन मोठे करा असे सांगितल्याचे त्या सुत्तात नाही.

मैत्री आपल्याला हवीच आहे. गावात राहायचे आहे, विहिरीवर, दुकानात, शाळेत तीच तोंडे रोज दिसणार आहेत. केस लढणाऱ्यालाही रात्री झोप लागत नाही, हे मी अनेक घरांतून पाहिले आहे. म्हणून मिटवू इच्छिणाऱ्या कुटुंबाला भेकड म्हणणारे आपले काही कार्यकर्ते मला आवडत नाहीत. पण ॲट्रॉसिटी कायद्याखालचा गुन्हा दोन्ही बाजूंनी परस्पर मिटवण्याजोगा नसतो, हे गावपुढाऱ्यांना ठाऊक असते. म्हणून ते खरे तर साक्ष फिरवायला सांगत असतात. म्हणजे मावशींच्या मुलाने कोर्टात शपथेवर सांगायचे की मी स्वतःच पडलो. खोटे बोलण्याचे कामही मार खाणाऱ्यानेच करायचे.

हे सगळे मी मावशींना बुधवारी त्यांच्या लेकीच्या घरी जाऊन सांगितले. साक्षीला जाणाऱ्याला प्रवासखर्च आणि भत्ता मिळण्याची तरतूद १९९५ च्या नियमांत आहे, हेही सांगितले. ते त्यांना कोणीच सांगितले नव्हते. मावशी बराच वेळ गप्प होत्या. मग मुलाला फोन लावून म्हणाल्या, "सरपंचाला सांग, ज्यांनी मारलं त्यांनी चावडीवर सगळ्या गावासमोर सांगावं, कोणी काठी आणली, कोणी हात मुरगळला. मग बघू."

निरोप गेला. शुक्रवारपर्यंत उत्तर आले नव्हते. साक्षीची तारीख पुढच्या महिन्यात आहे. आदल्या रात्रीच्या एसटीने मावशींबरोबर आमच्या वस्तीतून चौघे जण जाणार आहोत.