व्याज हा मजुरीचाच भाग

ढोकीचा तेरणा सहकारी साखर कारखाना वर्षानुवर्षे बंद राहिला आणि कामगारांची देणी अडकली. धाराशिव जिल्ह्याला हे दुखणे चांगलेच ठाऊक आहे. कारखाना बंद पडला तरी बँकेच्या कर्जावर व्याज चढतच राहते आणि त्याचा पै-पैचा हिशेब असतो. कामगाराच्या थकीत पगारावर मात्र व्याज द्यायचे की नाही, दिले तर किती आणि कधीपासून, हे त्या त्या न्यायालयाच्या मर्जीवर राहते.

कायद्याला व्याजाचे वावडे नाही. कामावर अपघात झाला आणि भरपाई महिनाभरात मिळाली नाही, तर 2025 पर्यंत लागू असलेल्या 1923 च्या भरपाई कायद्यानुसार 12 टक्के व्याज लागत असे. तेव्हापर्यंतच लागू असलेल्या 1972 च्या कायद्याखालील ग्रॅच्युइटी 30 दिवसांत न दिल्यास व्याज द्यावे लागत असे. केंद्राने 1987 मध्ये त्याचा दर 10 टक्के ठरवला आणि हे व्याज ऐच्छिक नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने 2003 मध्ये बजावले. पण कामगार न्यायालयाने मंजूर केलेल्या मागील पगारासाठी 2025 पर्यंत लागू असलेल्या 1947 च्या औद्योगिक विवाद कायद्यात असा ठरलेला दर नव्हता. म्हणून कुठे 6 टक्के मिळाले, कुठे 9, तर कुठे काहीच नाही.

या बाबतीत वाट दाखवणारा निकाल मराठवाड्यातल्याच खटल्यात लागला. क्रांती ज्युनिअर अध्यापक महाविद्यालयाविरुद्धच्या प्रकरणात शाळा न्यायाधिकरणाने एका शिक्षिकेला पूर्ण मागील पगार मंजूर केला. मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने तो काढून टाकला. 12 ऑगस्ट 2013 रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो परत दिला आणि चार महिन्यांत पैसे न दिल्यास तिच्या निलंबनाच्या तारखेपासून 9 टक्के व्याज लावले. खटले रेंगाळतात ते अपुऱ्या मनुष्यबळामुळे आणि सोयींमुळे, त्याची शिक्षा पक्षकाराला देता येणार नाही, हेही न्यायालयाने स्पष्ट केले.

या निकालात दराइतकीच तारीख महत्त्वाची आहे. समजा, 2014 साली देय झालेल्या 3 लाखांचा निवाडा 2024 मध्ये झाला आणि पैसे 2025 मध्ये हाती आले. निवाड्यापासून 6 टक्के धरले तर व्याज होते 18 हजार. देय तारखेपासून सरळ 9 टक्के धरले तर 2 लाख 97 हजार. मधल्या दहा वर्षांत कामगाराने सावकाराकडून उचल घेतली, मुलांना शिक्षण अर्धवट सोडायला लावले. मालकाने तेवढी वर्षे तेच पैसे बिनव्याजी वापरले. तारीख पुढे ढकलणे म्हणजे हा तोटा एकट्या कामगाराच्या माथी मारणे होय.

मालकाची ऐपत नाही, ही सबब ऐकू येते. ऐपत नसेल तर हप्ते द्यावेत, हक्क कापू नये. व्याज मंजूर करण्याच्या अधिकाराचा प्रश्नही उरत नाही. 1978 च्या व्याज कायद्यात ‘न्यायालय’ या शब्दात न्यायाधिकरणही येते आणि बँक ठेवींचा चालू दर ही व्याजदराची मर्यादा आहे. न्याय्य दराचे माप तिथेच सापडते.

अडचण आहे ती व्याज मागण्यात. औद्योगिक विवाद कायद्याच्या कलम 33-सी(2) खालचा अर्ज हा ठरलेल्या हक्काची रक्कम काढण्यासाठी असे. मूळ निवाड्यात व्याज नसेल, तर ते तिथे नव्याने मिळवणे फार कठीण जाई. म्हणून कामगार संघटनांनी आणि वकिलांनी पहिल्याच मागणीपत्रात व्याजाची मागणी दर आणि तारखेसह लिहावी. आणि न्यायालयांनी प्रत्येक निवाड्यात तीन गोष्टी नमूद कराव्यात: देय तारखेपासून व्याज, त्याचा दर आणि पैसे देण्याची मुदत. उशिरा मिळालेली मजुरी व्याजासह मिळाली, तरच ती पूर्ण मजुरी ठरते.