कूपरेजचा धडा आणि घणसोलीचे मैदान

नेरूळचे डी. वाय. पाटील स्टेडियम २००८ साली खुले झाले. गेल्या काही वर्षांत त्याने मोठे दिवस पाहिले. २०१७ च्या सतरा वर्षांखालील विश्वचषक फुटबॉलचा एक उपांत्य सामना, २०२२ च्या महिला आशियाई चषकाचा अंतिम सामना आणि त्याच वर्षीच्या सतरा वर्षांखालील मुलींच्या विश्वचषकाचा अंतिम सामना तेथेच झाला. २ नोव्हेंबर २०२५ रोजी भारतीय महिलांनी क्रिकेटचा विश्वचषक जिंकला, तोही तेथेच. नवी मुंबईकराला याचा अभिमान वाटतो आणि त्यात गैर काही नाही. परंतु एवढ्या सोहळ्यांनंतर या शहरात फुटबॉल रुजला काय, असा प्रश्न केला तर उत्तर देताना आपण अडखळतो. त्याचे कारण शोधायचे तर खाडीपलीकडच्या एका जुन्या मैदानाकडे पाहावे लागेल.

मंत्रालयापासून हाकेच्या अंतरावर असलेल्या कूपरेजच्या नावातच श्रमिकांची खूण आहे. जहाजांसाठी लाकडी पिंपे बांधणारे कारागीर जेथे काम करीत, ते कूपरेज. मुंबईत फुटबॉल गोऱ्या पलटणींबरोबर आला. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस सुरू झालेला रोव्हर्स चषक दीर्घकाळ त्यांचीच मिरासदारी होता; १९३७ साली बंगलोर मुस्लिम्स संघाने तो जिंकला आणि ही मिरासदारी प्रथमच मोडली. स्वातंत्र्यानंतर हैदराबाद पोलीस संघाने १९५० ते १९५४ अशी सलग पाच वर्षे हा चषक नेला. आज ज्याची आसनक्षमता जेमतेम ५,००० आहे, त्या मैदानाचे नाव देशभर झाले ते अशा सामन्यांमुळे.

परंतु कूपरेजचे खरे बळ रोव्हर्सच्या झगमगाटात नव्हते. ते होते १९०२ पासून चालत आलेल्या हारवूड लीगमध्ये. टाटा, मफतलाल, ऑर्के, कालटेक्स, दोन्ही रेल्वे, एअर इंडिया, आर.सी.एफ. अशा संघांत खेळणारे बहुतेक तरुण त्याच आस्थापनांच्या हजेरीपटावर असत. धोबी तलावच्या कुडांत राहणाऱ्या गोमंतकीयांना आणि कचेरी सुटल्यावर चर्चगेटकडे निघालेल्या कारकुनाला हे मैदान पायी गाठता येत असे. टाटांकडून व कालटेक्सकडून खेळलेल्या नेव्हिल डिसोझाने १९५६ च्या मेलबर्न ऑलिंपिकमध्ये ऑस्ट्रेलियाविरुद्ध तीन गोल केले व भारत चौथ्या स्थानापर्यंत पोहोचला. असा खेळाडू घडतो तो वर्षानुवर्षे चालणाऱ्या साखळी सामन्यांतून.

मात्र त्या काळाचे गोडवे गाऊन थांबणे अप्रामाणिकपणाचे ठरेल. हे संघ मालकांच्या मर्जीवर उभे होते. १८ जानेवारी १९८२ रोजी गिरणी कामगारांचा संप सुरू झाला आणि पुढील काळात गिरण्या एकामागून एक बंद पडत गेल्या. गिरण्यांच्या नावाचे संघही इतिहासजमा झाले. रोव्हर्स चषक २०००-०१ नंतर भरला नाही. महिंद्र युनायटेडने २००५-०६ ची राष्ट्रीय लीग जिंकली. २०१० साली व्यवस्थापनाने तो संघच मोडला. मालकाच्या औदार्यावर जगणारा खेळ मालकाच्या ताळेबंदाबरोबर मरतो, हा कूपरेजचा दुसरा धडा आहे.

नेरूळला तो वेगळ्या रूपाने मिळाला. २०१४ मध्ये इंडियन सुपर लीग सुरू झाली तेव्हा मुंबई सिटीचा संघ नेरूळला खेळे. दोन हंगाम झाले आणि २०१६ मध्ये तो अंधेरीला गेला. भाडेकरूने बिऱ्हाड हलवावे तसा तो गेला. स्टेडियम खाजगी संस्थेचे आणि संघ भांडवलदारांचा. येथील प्रेक्षकाला विचारण्याचे कारणच कोणास वाटले नाही.

आता घणसोलीकडे येऊ. १९७० साली स्थापन झालेल्या सिडकोचे हे शहर ठाणे, पनवेल व उरण परिसरातील ९५ गावांच्या जमिनींवर वसले. त्या जमिनीच्या न्याय्य मोबदल्यासाठी दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखाली जानेवारी १९८४ मध्ये जासई येथे जे आंदोलन झाले, त्यात पोलीस गोळीबारात पाच जणांनी प्राण गमावले. अशा मोलाच्या भूमीतील २० एकर जागा २००३ साली घणसोलीत शासकीय क्रीडासंकुलासाठी राखून ठेवण्यात आली. पुढे तीपैकी काही भाग खाजगी विकासकाकडे वळविण्यात आला आणि २०२१ साली शासनाने हे संकुलच शंभर किलोमीटरहून दूर, माणगाव तालुक्यात हलविण्याचे ठरविले. घणसोलीच्या मुलाने संध्याकाळी सरावासाठी माणगावला जावे, असा हा विचार! २०२४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने तो निर्णय रद्द केला.

न्यायालयाने जागा वाचविली. पण केवळ जागा वाचल्याने मैदान होत नाही. तेथे आणखी एक सोहळ्यांचे स्टेडियम उभे राहिले तर आपण काहीच शिकलो नाही असे होईल. घणसोलीचे मैदान सार्वजनिक मालकीचेच राहिले पाहिजे. तेथे गावठाणांचे, ठाणे-बेलापूर पट्ट्यातील कामगारांचे, वाशीच्या बाजारातील माथाडींच्या मुलांचे आणि मुलींचेही संघ दर आठवड्यास साखळी सामने खेळले पाहिजेत. त्यासाठी नाममात्र शुल्क असावे, आणि व्यवस्थापनात या संघांच्या प्रतिनिधींना स्थान असावे.

कार्यकर्त्यांनी ही मागणी महापालिकेपुढे व सिडकोपुढे नेटाने मांडावी. मात्र केवळ निवेदने देऊन थांबू नये. आपापल्या विभागात क्रीडांगणासाठी राखलेला प्रत्येक भूखंड प्रत्यक्ष जाऊन पाहावा, त्यावर मुले खेळतात की कुंपण पडले आहे याची नोंद करावी, आणि जेथे मोकळी जागा आहे तेथे चार संघ जमवून सामने सुरू करावेत. ज्या मैदानावर दर आठवड्यास माणसे खेळतात, ते विकायला काढणे कोणत्याही सरकारला सोपे जात नाही.