हुकूमनाम्यानंतरची लढाई




जमिनीच्या हुकूमनाम्यांची अंमलबजावणी केवळ न्यायालयांच्या संथपणामुळे रखडते, हे मागील अंकातील पत्रातले निदान अपुरे आहे. हुकूमनामा मिळाल्यावरच पक्षकाराच्या अडचणी सुरू होतात, हे प्रिव्ही कौन्सिलने 1872 मध्येच नोंदवले होते; आणि त्या अडचणींचे मूळ पुष्कळदा दाव्याच्या मिळकत-वर्णनात असते. गट क्रमांक लिहिला, पण चतुःसीमा मोघम ठेवल्या, तर ताबा द्यायला गेलेला बेलीफ नेमका कोणता बांध धरणार? मग मोजणीचा अर्ज, हरकती, आणि दरखास्त, म्हणजे अंमलबजावणीचा अर्ज, पुन्हा तहकूब.

शेतजमिनीच्या वाटपात आणखी एक टप्पा असतो. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 54 नुसार सरकारी आकारणीच्या जमिनीचे प्रत्यक्ष वाटप जिल्हाधिकारी किंवा त्यांचे अधिकारी करतात. न्यायालय केवळ हिस्से ठरवते. त्यामुळे हुकूमनाम्याचा कागद महसूल आणि भूमी अभिलेख या दोन खात्यांत फिरत राहतो आणि वृद्ध हिस्सेदार, विशेषतः माहेरच्या जमिनीत हक्क मिळवलेल्या स्त्रिया, ताब्याविना राहतात. हा निव्वळ अन्याय आहे.

दरखास्त सहा महिन्यांत निकाली काढावी, असे सर्वोच्च न्यायालयाने 2021 मध्ये बजावले. आता ही मुदत कलम 54 च्या वाटपालाही लागू करून प्रत्येक प्रकरणात मोजणीची तारीख आधीच ठरवावी, अशी शासनास आग्रहाची विनंती आहे.

— एक वाचक