पुलित्झरचे मृत्युपत्र

दरवर्षी वसंत ऋतूत न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठाकडून पुलित्झर पारितोषिके जाहीर होतात आणि यादीत एखादे भारतीय नाव आढळले की आपली वृत्तपत्रेही ते आवर्जून चौकटीत छापतात; परंतु ज्या मृत्युपत्रातून ही पारितोषिके जन्मास आली, तो १९०४ सालचा दस्तऐवज मला त्या नावांइतकाच मननीय वाटतो.

जोसेफ पुलित्झर मूळचा हंगेरीतील माको गावचा. अमेरिकन यादवी युद्धाच्या फौजेत भरती होऊन १८६४ साली तो अमेरिकेत उतरला, सेंट लुईसच्या एका जर्मन पत्रात बातमीदारी करीत पुढे आला आणि १८८३ मध्ये त्याने न्यूयॉर्कचे ‘वर्ल्ड’ विकत घेतले. स्वातंत्र्यदेवतेच्या पुतळ्याचा चौथरा निधीअभावी रखडला असता याच पत्राने सामान्यांकडून लाखावर डॉलर जमविले आणि ज्याने चार-दोन सेंट दिले त्याचेही नाव छापले. आणि याच पत्राने हर्स्ट या प्रतिस्पर्धी वृत्तपत्रमालकाच्या पत्राशी लागलेल्या चढाओढीत भडक मथळ्यांचा असा धुरळा उडविला की ‘पीत पत्रकारिता’ ही संज्ञा त्यातूनच रूढ झाली. दृष्टी जवळजवळ गेलेली, लहानसा आवाजही असह्य होत असलेला, अशा अवस्थेत या माणसाने वृत्तपत्रव्यवसायाच्या शिक्षणासाठी व गौरवासाठी विद्यापीठाला वीस लाख डॉलर देऊन ठेवले, यात मला पश्चात्तापापेक्षा आपल्या धंद्याविषयीची जबर निष्ठाच अधिक दिसते. १९११ साली तो वारला. पहिली पारितोषिके १९१७ मध्ये दिली गेली.

त्यांतील लोकसेवेचे सुवर्णपदक व्यक्तीला नव्हे, वृत्तसंस्थेला मिळते. वॉटरगेट प्रकरणाबद्दल १९७३ साली ते ‘वॉशिंग्टन पोस्ट’ला मिळाले. डॅनियल चेस्टर फ्रेंच या शिल्पकाराने घडविलेल्या त्या पदकाच्या एका बाजूस बेंजामिन फ्रँकलिन आहे, आणि दुसऱ्या बाजूस उघड्या अंगाने छापयंत्र चालविणारा एक कामगार. त्याने काढलेला सदरा यंत्राच्या टोकाशी टाकलेला दिसतो. संपादकाच्या खुर्चीऐवजी त्या घामाला सोन्यात स्थान मिळावे, हे मला फार मोलाचे वाटते.

मृत्युपत्रातील दुसरी तरतूद अशी की, आलेल्या कृती योग्यतेस उतरत नसतील तर पारितोषिक रोखून धरण्याचा अखत्यार निर्णय देणाऱ्या मंडळास राहील. हा अखत्यार शोभेपुरता राहिला नाही: १९७४ साली परीक्षकांनी एकमताने शिफारस केलेली टॉमस पिंचन यांची कादंबरी मंडळाने नाकारली आणि त्या वर्षी कादंबरीचे पारितोषिक कोणालाच दिले नाही. नकाराचे हे धैर्य मला मान्य आहे. पण तो नकार जाणकाराचा हवा. १९६५ साली संगीताच्या परीक्षकांनी जॅझ संगीतकार ड्यूक एलिंग्टन यांच्या प्रदीर्घ कार्याचा विशेष गौरव व्हावा असे सुचविले, मंडळाने ते फेटाळले आणि दोघा परीक्षकांनी राजीनामे दिले. तो गौरव झाला १९९९ मध्ये, एलिंग्टन यांच्या निधनानंतर पंचवीस वर्षांनी. या अन्यायाचे समर्थन कोणत्याही नियमावलीने होणार नाही.

तरीही या योजनेतील एक गोष्ट मी मनापासून उचलावी म्हणतो. नाटक, कादंबरी, काव्य आणि संगीत यांच्या पंक्तीला तिने रोजच्या बातमीला बसविले. करोनाकाळातील भारताची छायाचित्रे टिपणारे दानिश सिद्दिकी आणि त्यांचे सहकारी २०२२ साली गौरविले गेले ते कवी, नाटककारांच्याच यादीत. सिद्दिकी तत्पूर्वीच अफगाणिस्तानात वार्तांकन करताना मारले गेले होते. ज्या मराठीत शिवरामपंत परांजप्यांचे ‘काळ’ पत्रातील निबंध सरकारने जप्त करावेत आणि वाचकांनी ते वाङ्मय म्हणून जपावेत, तिला हे नाते परके नाही. तेव्हा आमच्या साहित्यसंस्थांनी आपल्या वार्षिक पारितोषिकांत तालुक्याच्या गावी बसून पाणीटंचाईची वा जमीनव्यवहारांची कागदपत्रे महिनोन्महिने धुंडाळणाऱ्या बातमीदाराच्या लेखमालेलाही कादंबरीशेजारी जागा द्यावी, आणि एखाद्या वर्षी तशी लेखमाला आढळलीच नाही तर ती जागा निःसंकोच रिकामी ठेवावी, असा माझा आग्रह आहे.