तुमचा काय संबंध?

नगरपालिकेच्या खुल्या जागेवर पत्र्याची शेड उभी राहते, कोणी अर्ज करतो, आणि शेडच्या परवानगीआधी चौकशी सुरू होते ती अर्जदाराची. सातबाऱ्यावर तुमचे नाव नाही, सिटी सर्व्हेच्या उताऱ्यावर नाही. मग तुमचा काय संबंध? वकील मंडळी याला ‘लोकस’ म्हणतात, म्हणजे दाद मागण्याचा अधिकार. दोन शेजाऱ्यांच्या बांधावरून भांडण असेल तर हा प्रश्न रास्तच. तिसऱ्याने त्यात नाक खुपसू नये. पण बागेची, मैदानाची, ले-आउटमधल्या खुल्या जागेची गोष्ट वेगळी. तिथे पालिकेचे नाव विश्वस्त म्हणून लागलेले असते. विश्वस्तानेच जागा जाऊ दिली आणि रहिवाशालाही परका ठरवले, तर दाद मागायला उरले कोण? पालिका काही स्वतःवर दावा लावणार नाही.

बंगळुरूच्या राजमहल विलास विस्तारातले प्रकरण या बाबतीत मुळातून समजून घेण्यासारखे आहे. नियोजनात सार्वजनिक उद्यानासाठी राखलेली जागा सरकारच्या आदेशाने एका खासगी वैद्यकीय न्यासाला रुग्णालयासाठी देण्यात आली. रहिवासी न्यायालयात गेले तेव्हा, जागा तुमची नाही, हे उत्तर ठरलेलेच होते. १९९१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते मानले नाही. उद्यान गेल्याची झळ तिथे राहणाऱ्यांनाच बसते, म्हणून तक्रारीचा हक्कही त्यांचाच, हा त्या निकालाचा गाभा. रुग्णालय समाजोपयोगी असते हा युक्तिवादही टिकला नाही. रुग्णालय दुसरीकडे बांधता येते. वस्तीतली मोकळी जागा दुसरीकडून आणता येत नाही. त्याआधी १९७४ मध्ये उडुपीच्या निवासी भागातल्या चित्रपटगृहाच्या परवानगीबाबतही न्यायालयाने रहिवाशाची तक्रार ग्राह्य धरली होती.

यावर पहिला आक्षेप असा, की दार एवढे उघडे ठेवले तर धंदेवाईक तक्रारदार आत शिरतील. आक्षेप खोटा नाही. अर्ज करायचा आणि बिल्डरशी ‘बसून’ तो मागे घ्यायचा, हा उद्योग कोणत्या शहराला ठाऊक नाही? पण अशांना गाळण्याची चाळणी न्यायालयांकडे आहे. गुजरातेतल्या मेहमदाबादला एका चित्रपटगृहाच्या मालकाने नव्या प्रतिस्पर्ध्याच्या ना-हरकत दाखल्याला आव्हान दिले होते. हरकती मागवल्या तेव्हा हा गृहस्थ गप्प होता आणि दुखणे होते फक्त धंद्याचे. सर्वोच्च न्यायालयाने त्याला दाद दिली नाही. हेतू तपासा, खर्च लादा, पण त्यासाठी सगळ्या गावाला दाराबाहेर ठेवायचे कारण काय?

दुसरा आक्षेप वजनदार आहे: निर्णय निवडून आलेल्या सभागृहाने घ्यायचा, मग एका रहिवाशाने तो अडवावा का? सभागृहाने कायद्याच्या वाटेने घेतला तर अडवू नयेच. पण महाराष्ट्रातली ती वाट पाहा. प्रादेशिक व नगररचना अधिनियम, १९६६ च्या कलम ३७ नुसार विकास आराखड्यात फेरबदल करायचा तर नोटीस काढून कोणत्याही व्यक्तीकडून हरकती-सूचना मागवाव्या लागतात. कोणत्याही, फक्त मालकाकडून नव्हे. आता ज्याने नोटीस काढली त्याला या ‘कोणत्याही व्यक्ती’चे ऐकावे लागणार, आणि ज्याने नोटीसच न काढता जागा देऊन टाकली तो मात्र विचारणार, तुमचा काय संबंध? म्हणजे नियम धाब्यावर बसवणाऱ्यालाच बक्षीस. लोकसचा आडमुठा अर्थ लावला की नेमके हेच होते, आणि माझ्या मते या वादात तो मुद्दा निर्णायक आहे.

मालक नसलेल्यालाही सार्वजनिक हितासाठी दाद मागता यावी, यासाठीच दिवाणी प्रक्रिया संहितेचे कलम ९१ आहे. सार्वजनिक उपद्रवाविरुद्ध दावा लावायला पूर्वी महाधिवक्त्यांची लेखी संमती लागे. १९७६ च्या दुरुस्तीनंतर न्यायालयाच्या परवानगीने कोणत्याही दोघांना तो लावता येतो, त्यांचे स्वतःचे वेगळे नुकसान झालेले नसले तरीही.